योरो: सपाट जमीन नसलेलं स्थळ

प्रवेशद्वाराशी हेल्मेट आणि खेळाचे बूट मागून घेता येतात. नुसती बाग पाहायला आलेल्यांना याचं नवल वाटतं. पण आत चार पावलं टाकली की पाय अडखळतो, पुढच्या चढाचा अंदाज चुकतो आणि हात आपोआप भिंत शोधू लागतो.

जपानच्या गिफू प्रांतात, डोंगराच्या पायथ्याशी योरो गाव आहे. तिथल्या उद्यानात ऑक्टोबर १९९५ मध्ये ‘योरो तेन्मेई हान्तेन्ची’ हे स्थळ खुलं झालं. सुमारे १८,००० चौरस मीटरच्या या जागेचं नाव मराठीत सांगायचं तर ‘नियती उलटवण्याचं ठिकाण’. ते रचलं नागोयात जन्मलेले चित्रकार शुसाकू अराकावा आणि त्यांची पत्नी, अमेरिकन कवयित्री मॅडलिन गिन्स यांनी. अराकावा १९६१ मध्ये न्यूयॉर्कला गेले आणि पुढची जवळपास पाच दशकं या जोडप्याने एकच हट्ट धरला: मरण ही माणसानं मुकाट्यानं मान्य करायची गोष्ट नाही आणि तिच्याशी झुंजायचं खरं हत्यार वास्तुकला आहे.

ऐकायला हे अचाट वाटतं. त्यामागचा विचार मात्र साधा आहे. सपाट फरशी, सरळ भिंत, ठरावीक उंचीची पायरी यांची सवय झाली की शरीर जागं राहायचं सोडून देतं. जमीनच भरवशाची ठेवली नाही, तर प्रत्येक पावलाला नव्यानं तोल सांभाळावा लागतो. चालायला शिकणाऱ्या मुलाचं वय मोठ्या माणसाला पुन्हा मिळतं. अराकावा-गिन्स यांच्या दृष्टीनं काळ मागे फिरतो तो असा, पायांतून.

वरच्या बाजूला ‘कमालीच्या साम्याचं घर’ आहे. त्याचं छत गिफू प्रांताच्या नकाशाच्या आकाराचं आहे. आत भिंतींचा चक्रव्यूह आहे आणि सोफा, टेबल, न्हाणीतलं सामान भिंतींनी मधोमध कापलेलं दिसतं. अर्धा सोफा भिंतीच्या या बाजूला, उरलेला पलीकडे. शेजारच्या रंगीबेरंगी इमारतीत पायाखालचे उंचवटे आणि भिंती डोक्यावर छतातही उलट्या उतरल्या आहेत. वर पाहिलं की क्षणभर आपण नक्की कुठल्या जमिनीवर उभे आहोत तेच कळेनासं होतं.

या स्थळाचा खरा गाभा म्हणजे खाली पसरलेलं लंबवर्तुळाकार मैदान. परातीसारखं खोलगट, भोवती उंच कडा. त्यात टेकाडं, खड्डे, एकमेकींना छेदणाऱ्या पायवाटा आणि जपानचे लहानमोठे नकाशे आहेत. वरच्या घराचेच तुकडे विखरून टाकावेत तसे नऊ मंडप इथं आहेत. त्यांतल्या एकाचं नाव ‘सर्वांत स्पष्ट गोंधळाचा प्रदेश’. कडा तिरकी असल्यानं क्षितिज सरळ राहत नाही. अंतराचा आणि उताराचा डोळ्यांनी बांधलेला हिशेब पायांना पटत नाही. वरच्या घरात शिरताना तोल गेलाच तर आपलं नाव मोठ्यानं उच्चारावं, वाटल्यास दुसऱ्या कुणाचं, अशी सूचना रचनाकारांनीच देऊन ठेवली आहे.

सुरुवातीच्या काळात इथं पडून काहींची हाडं मोडली. ही किंमत लहान मानून चालणार नाही आणि वृद्धांना आग्रहानं इथं नेऊ नये. तरीही ही जागा पाडून सपाट केली गेली नाही, हे मला फार मोलाचं वाटतं. अराकावा २०१० मध्ये गेले, गिन्स २०१४ मध्ये. मरण टळलं नाही. पण आपल्या घरांनी आणि रस्त्यांनी शरीराला सुस्त केलं, हे त्यांचं निदान अचूक होतं, असं माझं ठाम मत आहे.

आणि त्यांनी ही कल्पना रुजवली ती योग्य मातीत. इथून जवळच ३२ मीटर उंचीचा योरो धबधबा आहे. त्याचं पाणी एका गरीब, मातृपितृभक्त लाकूडतोड्यासाठी मद्य झालं आणि त्यानं म्हातारा बाप ताजातवाना झाला, ही दंतकथा जपानी मुलं लहानपणीच ऐकतात. सम्राज्ञी गेन्शो ७१७ मध्ये इथं आली. या पाण्यानं त्वचा नितळ होते, पांढरे केस काळे होतात, अशी त्याची कीर्ती तिनं गौरवली आणि कालगणनेच्या पर्वालाच ‘योरो’ हे नाव दिलं. वय उलटं फिरवण्याची आस या डोंगरात तेराशे वर्षं मुरलेली आहे. काँक्रीट फक्त नवं आहे.

एवढ्यानं समाधान झालं नाही तर टोकियोच्या मिताका भागात याच जोडप्यानं २००५ मध्ये पूर्ण केलेल्या नऊ सदनिका आहेत. हेलन केलर यांच्या स्मृतीला अर्पण केलेल्या या घरांत फरशी उंचसखल आहे आणि माणसं तिथं खरोखर राहतात.

योरोला जायचं तर नागोयाहून रेल्वेनं ओगाकी गाठावं आणि तिथं छोट्या योरो रेल्वेत बसावं. योरो स्थानकापासून हे स्थळ पायी जाण्याजोगं आहे. पावसाचा दिवस टाळावा, कारण उतार निसरडे होतात. सामान घेऊन आत शिरू नये, दोन्ही हात मोकळे हवेत. धबधब्याची चढण नंतर चढावी. आधी मैदान, पाय ताजे असताना.