स्थानत्यागाची शोभा

स्थानभ्रष्ट झालेल्या मनुष्याची शोभा जाते, असें आमचे सुभाषितकार सांगून गेले आहेत. तथापि स्थानभ्रष्ट होणें वेगळें आणि जाणतेपणानें स्थानत्याग करणें वेगळें. हा भेद आम्हांस अमेरिकेंतील जो मावर या बेसबॉलपटूच्या चरित्रांत स्पष्ट दिसला, म्हणून तें वाचकांपुढें ठेवीत आहों.

क्रिकेटमध्यें जसा यष्टिरक्षक, तसा बेसबॉलमध्यें कॅचर. फलंदाजामागें उकिडवें बसून, ताशीं नव्वद मैलांहूनही अधिक वेगानें येणारे चेंडू तो झेलतो. गुडघे झिजविणारें हें काम करणाऱ्याकडून थोर फलंदाजीची अपेक्षा सहसा कोणी करीत नाहीं.

मावरचा जन्म १९८३ सालीं मिनेसोटा राज्यांतील सेंट पॉल शहरीं झाला. २००१ सालीं नवोदित खेळाडूंच्या वार्षिक निवडींत, त्याच्याच प्रांताच्या ‘मिनेसोटा ट्विन्स’ संघानें त्यास सर्वांआधीं निवडिलें. पुढें २००६, २००८ व २००९ या तीन वर्षीं अमेरिकन लीगमध्यें फलंदाजीच्या सरासरींत तो पहिला आला. २००९ सालीं त्याच्या यशस्वी फटक्यांचें प्रमाण हजारीं ३६५ पडलें, व लीगमधील सर्वश्रेष्ठ खेळाडूचा बहुमानही त्यास लाभला. तीन वेळां सरासरींत पहिला आलेला दुसरा कॅचर अमेरिकन लीगच्या इतिहासांत नाहीं.

१९ ऑगस्ट २०१३ रोजीं बॅटीस निसटता लागलेला चेंडू त्याच्या तोंडावरील जाळीवर आदळला व मेंदूस धक्का बसला. कॅचरच्या जागीं असे आघात पुनःपुन्हां होण्याचें भय असतें. म्हणून त्या वर्षअखेर त्यानें ती जागा सोडिली, व २०१४ पासून तो फर्स्ट बेसवर उभा राहूं लागला. तेथें धोका कमी. परंतु त्या जागेवरील खेळाडूनें चेंडू मैदानापार भिरकावावा, अशी लोकांची अपेक्षा असते. मावरचा खेळ त्या जातीचा नव्हता. सरासरीही पूर्वीची राहिली नाहीं. त्याचें भारी वेतन पाहून लोक नाकें मुरडूं लागले. त्यानें मात्र नवें काम मन लावून आत्मसात केलें व पांच वर्षें निष्ठेनें पार पाडिलें.

३० सप्टेंबर २०१८ रोजीं, आपल्या अखेरच्या सामन्याच्या शेवटच्या डावांत, तो पुन्हां कॅचरचा साज चढवून मैदानांत आला. त्यानें एकच चेंडू झेलला आणि टाळ्यांच्या गजरांत तो बाहेर पडला. त्याच वर्षीं डोक्यास पुन्हां बसलेला मार आणि आपलीं मुलेंबाळें, यांचा विचार करून त्यानें निवृत्ति पत्करली. पुढें २०२४ सालीं, पहिल्याच मतदानांत, ‘हॉल ऑफ फेम’मध्यें त्याची निवड झाली.

जागा बदलल्यानें त्याचा मान उणा झाला नाहीं. घरांतील एखादा मुलगा डोक्यास मार लागूनही ‘मला कांहीं झालें नाहीं’ म्हणत पुन्हां खेळावयास निघाला, तर वडील मंडळींनीं त्यास आधीं डॉक्टरांकडे न्यावें, आणि घरीं परतल्यावर ही हकीकत सांगावी.