रुपेरी मुखवट्यामागचा छायालेखक

मेक्सिकन सिनेमातील छायालेखनाचा विषय निघाला की गाब्रिएल फिगेरोआपाशी थांबायचे, असा जणू रिवाजच आहे. १९४६ साली कान महोत्सवात ‘मारिया कांदेलारिया’चा गौरव झाला आणि फिगेरोआने टिपलेले ढगाळ आभाळ जगभर गाजले. होसे ओर्तीस रामोस मात्र श्रेयनामावलीतच राहिला. त्याने चित्रित केलेली भुतेखेते आणि कुस्तीगीर हे त्याचे एक कारण असावे, असे मला वाटते.

वास्तविक १९४८ सालचा ‘नोसोत्रोस लोस पोब्रेस’ (आम्ही गरीब) त्यानेच चित्रित केला. इस्माएल रोद्रीगेसचा हा चित्रपट मेक्सिकोत अफाट लोकप्रिय झाला. पेद्रो इन्फान्तेने रंगवलेला सुतार पेपे न केलेल्या खुनासाठी तुरुंगात जातो आणि खऱ्या खुन्याचा डोळा फोडून त्याच्याकडून कबुली घेतो. चाळीतल्या गाण्याबजावण्यातून आपण या कोठडीत येतो, तेव्हा मेलोड्रामाचा जवळजवळ भयपट झालेला असतो.

पुढचे भयपट मला या कोठडीचेच वारस वाटतात. राफाएल बालेदोनच्या ‘ला माल्दिसिओन दे ला योरोना’च्या (योरोनाचा शाप) आरंभी धुक्याने भरलेल्या रानात रीता मासेदो तीन दांडगे कुत्रे घेऊन उभी आहे. तिच्या डोळ्यांच्या जागी नुसता काळोख! तिथे भीती उभी राहते ती धुके, काळा पोशाख आणि प्रकाश यांच्या बळावर. संवादांची गरजच पडत नाही.

१९६२ साली ‘सान्तो विरुद्ध व्हॅम्पायर स्त्रिया’ आला. सान्तो हा आखाड्यातला खराखुरा कुस्तीगीर. त्याचा रुपेरी मुखवटा कधी उतरत नाही, म्हणजे चेहऱ्यावरचे भाव टिपण्याची सोय नाही. चकाकत्या पृष्ठभागावर प्रकाश कुठून, किती पडू द्यायचा, एवढेच छायालेखकाच्या हाती उरते. चित्रपटाचा आरंभ मात्र सान्तोचा नाहीच. कोळिष्टकांनी भरलेल्या तळघरात व्हॅम्पायर स्त्रिया जाग्या होतात तो लांबलचक प्रसंग संथ, गंभीर आणि देखणा आहे. नायक बऱ्याच उशिरा येतो, आणि खरे सांगायचे तर तोवर त्याची आठवणही होत नाही.

त्याच वर्षीच्या ‘एल बारोन देल तेरोर’मधला मेंदू खाणारा राक्षस हास्यास्पदच आहे, त्याची लवलवती लांब जीभ कोणत्याही प्रकाशात भीतिदायक होणार नाही. असे चित्रपट अमेरिकेत इंग्रजी संवाद चढवून दाखवले गेले. १९९५ साली ‘व्हॅम्पायर स्त्रिया’ची एका अमेरिकी दूरचित्रवाणी मालिकेने यथेच्छ टवाळी केली. ती ऐकताना हसू येते. पण आवाज बंद करून तळघराचा तो प्रसंग पुन्हा पाहावा.