कोंबडीचा रस्सा, परभणीच्या चुलीवरचा

परभणी जिल्ह्यात गावरान कोंबडीचा रस्सा करायचा, तर घरात काळा मसाला हवाच. धने, सुके खोबरे, दगडफूल, लवंग, दालचिनी, लाल मिरची हे सारे उन्हाळ्यात भाजून, कुटून वर्षभरासाठी भरून ठेवतात.

खमंगपणा येतो तो भाजण्यातून. कांदा-खोबरे तपकिरी झाले की त्यांतली शर्करा आणि प्रथिने यांतून नवे सुगंधी घटक तयार होतात. मसाल्यांचा बराचसा गंध तेलात उतरतो, म्हणून वाटण तेल सुटेपर्यंत परतायचे.

मग घाई नको.

ब्रॉयलर कोंबडी साधारण सहा आठवड्यांत तयार होते. मोकळी हिंडलेली गावरान कोंबडी वयाने मोठी आणि चिवट. हळद-मीठ लावून ती मंद आचेवर शिजवली की कोलॅजेन विरघळून रश्श्याला अंग येते. तरीही तो पातळ वाटला, तर चमचाभर येसर, म्हणजे भाजलेल्या धान्य-डाळींचे मसालेदार पीठ, पाण्यात कालवून घालतात.

सोबतीला ज्वारीची भाकरी. १९७२ साली स्थापन झालेल्या परभणीच्या कृषी विद्यापीठाने ‘परभणी मोती’ हा रब्बी ज्वारीचा वाण दिला. गरम भाकरी रश्श्यात चुरावी, वर लिंबू पिळावे आणि कांदा बुक्कीने फोडून घ्यावा.