पडद्यावर नाझी, कागदावर ज्यू

उभ्या पेटीचं दार उघडतं. आत अंगाला चिकटलेल्या काळ्या कपड्यांतला एक शिडशिडीत, उंच माणूस डोळे मिटून उभा आहे. मालक हुकूम सोडतो. ओठ किंचित हलतात, चेहऱ्यावरचा एकेक स्नायू नाइलाजाने जागा होतो आणि मग डोळे उघडतात, नको तितके मोठे. ‘द कॅबिनेट ऑफ डॉक्टर कॅलिगारी’ हा मूकपट २६ फेब्रुवारी १९२० रोजी बर्लिनच्या मार्मोरहाउस चित्रगृहात झळकला. जत्रेत पेटीतून दाखवला जाणारा आणि रात्री मालकाच्या सांगण्यावरून खून पाडणारा त्यातला चेझारे झोपेतच चालतो, झोपेतच मारतो. ती भूमिका करणारा कॉनराड फाइट तेव्हा सत्तावीस वर्षांचा होता.

या चित्रपटातल्या भिंती वाकड्या आहेत, खिडक्या तिरक्या आहेत आणि बऱ्याच सावल्या तर दिव्यांनी पाडलेल्या नसून चक्क रंगाने काढलेल्या आहेत. अशा चित्रात हाडामांसाचा माणूस उभा केला की तो उपरा दिसतो, आणि यातले बहुतेक नट तसे दिसतातही. डॉक्टर कॅलिगारी झालेला वेर्नर क्राउस आणि फाइट हे दोघेच त्या नेपथ्यात मुरलेले आहेत. भिंतीला अंग घासत, एक हात वर ताणून चेझारे पुढे सरकतो तेव्हा भिंतीवरचीच एखादी काळी रेघ सुटून चालू लागल्यासारखी वाटते. ही कमाई कॅमेऱ्याची नव्हे. दोघेही रंगभूमीवर घडलेले नट होते आणि रिकाम्या रंगमंचावर नुसत्या देहाने जागा कशी भरायची, हे तिथेच शिकले होते.

फाइटचा जन्म २२ जानेवारी १८९३चा, बर्लिनमधला. शाळेत स्वारी अगदी तळाला. वडिलांना नाटकाचा नाद पसंत नव्हता, आईने मात्र तो पुरवला. त्या काळी बर्लिनमध्ये नट व्हायचं तर मॅक्स राइनहार्टच्या डॉइचेस थिएटरचा उंबरा झिजवावा लागे. फाइटची परीक्षा चालू असताना राइनहार्ट सबंध वेळ खिडकीबाहेर पाहत होता, असा किस्सा आहे. तरी १९१३ साली पोराला घेतलं गेलं, तेही गर्दीत भाला धरून उभं राहण्याच्या कामांसाठी. वर्षभरात महायुद्ध पेटलं. पूर्व आघाडीवर तो कावीळ आणि न्यूमोनियाने इतका खंगला की अखेर त्याला सैनिकांसाठी नाटकं करणाऱ्या मंडळींत धाडण्यात आलं. बर्लिनला परतला, पुन्हा राइनहार्टकडे रुजू झाला आणि १९१७पासून चित्रपटांतही दिसू लागला.

भीतिपटांचा नट म्हणून त्याची ओळख पक्की झाली खरी, पण त्या आधीच्या वर्षाची एक भूमिका सहसा कुणी सांगत नाही. १९१९ साली रिचर्ड ओस्वाल्ड या दिग्दर्शकाने लैंगिकतेचे अभ्यासक माग्नुस हिर्शफेल्ड यांना सोबत घेऊन ‘इतरांहून वेगळा’ अशा अर्थाच्या नावाचा चित्रपट काढला. जर्मन दंडविधानाच्या कलम १७५नुसार पुरुषांमधले समलिंगी संबंध गुन्हा होते आणि या कलमाच्या धाकाने पैसे उकळणाऱ्यांचं चांगलं फावत होतं. फाइटने त्यात अशा खंडणीखोराच्या तावडीत सापडलेल्या व्हायोलिनवादकाची भूमिका केली. मोठा होऊ पाहणारा नट अशी भूमिका आजही दहादा विचार करून घेईल. पुढच्याच वर्षी चित्रपटावर बंदी आली. आज तो अर्धामुर्धाच उरला आहे.

१९२१ साली तो चक्क आपल्याकडचा महाराजा झाला. ‘भारतीय कबर’ अशा अर्थाच्या नावाचा हा दोन भागांतला भव्य मूकपट. बायकोने दगा दिला म्हणून सूडाने पेटलेला राजा आपल्या मेलेल्या प्रेमासाठी कबर बांधायला युरोपातून वास्तुरचनाकार बोलावतो. मंदिरं, महाल, वाघ सगळं बर्लिनच्या जवळपास उभं केलेलं. यात हिंदुस्थान शोधायला जाऊ नये. मूळ कादंबरी थेआ फॉन हार्बू या लेखिकेची. या बाईंनी पुढे बर्लिनमध्ये शिकायला आलेल्या बेळगावकडच्या अयी गणपत तेंडुलकरांशी संसार थाटला. ती गोष्ट मराठी वाचकाला याहून जास्त रंजक वाटेल, पण तिला वेगळा लेख हवा.

हॉलिवूडने त्याला १९२६च्या सुमारास बोलावून घेतलं. तिथे पॉल लेनी या जर्मन दिग्दर्शकासाठी त्याने व्हिक्टर ह्यूगोच्या कादंबरीवरचा ‘द मॅन हू लाफ्स’ केला. लहानपणी शत्रूंनी तोंड कापून कायमचं हसतं ठेवलेला ग्विनप्लेन हा त्याचा नायक. या भूमिकेसाठी फाइटच्या तोंडात एक खास कवळी बसवली होती; तिचे आकडे ओठांच्या कडा मागे खेचून धरत. ती लावली की बोलणं अशक्य. मूकपट होता म्हणूनच हे जमलं. दात विचकून हसणाऱ्या त्या तोंडावरचे डोळे मात्र सतत रडवेले आहेत, आणि चित्रपट पाहताना आपण तोंड विसरून डोळ्यांकडेच पाहत राहतो. १९४०मध्ये ‘बॅटमॅन’चे चित्रकथाकार एक नवा खलनायक रेखाटत होते, तेव्हा त्यांच्यासमोर फाइटचं याच भूमिकेतलं छायाचित्र होतं. तो खलनायक म्हणजे जोकर. त्याने हसू उचललं, डोळे सोडून दिले.

बोलपट आले आणि जर्मन वळणाच्या इंग्रजीमुळे फाइट १९२९ साली मायदेशी परतला. चांगलं चालू होतं. मग १९३३ उजाडलं, नाझी सत्तेवर आले. सिनेमात काम करणाऱ्या प्रत्येकाकडून वंशाची माहिती भरून घेतली जाऊ लागली. फाइट ज्यू नव्हता. त्याची पत्नी लिली मात्र ज्यू होती. पत्नीला सोडून सत्तेशी जुळवून घेणारे त्या काळी होते. फाइटने अर्जातल्या वंशाच्या रकान्यात स्वतःसाठीच ‘ज्यू’ असं लिहिलं, असं सांगतात. दोघांनी इंग्लंड गाठलं.

तिथे त्याने १९३४ साली ‘ज्यू झ्यूस’ केला. १७३८मध्ये श्टुटगार्टला फाशी गेलेल्या ज्यू सावकाराची ही कथा, लिऑन फॉइश्टवांगर यांच्या कादंबरीवरून घेतलेली आणि ज्यूंच्या छळाबद्दल सरळ बोलणारी. गोबेल्सच्या जर्मनीला ती झोंबली. सहा वर्षांनी त्याच माणसावर, त्याच नावाने नाझींनी आपला चित्रपट काढला, उफराटा, विखाराने भरलेला. हिमलरने तो एसएस आणि पोलिसांना दाखवण्याचा हुकूम काढला. त्यात एकाहून अधिक ज्यू पात्रांचं विद्रूप सोंग एकाच नटाने वठवलं होतं. तो नट म्हणजे वेर्नर क्राउस. कॅलिगारी आणि चेझारे, एकाच वाकड्या भिंतीपुढे उभे राहिलेले हे दोघे असे दोन टोकांना गेले. युद्धानंतर क्राउसवर काही काळ बंदी आली, मग १९५४मध्ये जर्मन भाषक रंगभूमीचा मानाचा इफलांड रिंग त्याच्या बोटात आला. अभिनयाच्या गुणांवर तो त्याला शोभलाही असेल. तरी ही नोंद वाचताना घशाशी काहीतरी अडकतं.

फाइटने ब्रिटिश नागरिकत्व घेतलं. ‘द थीफ ऑफ बगदाद’मध्ये (१९४०) म्हैसूर संस्थानातून आलेल्या साबूसमोर तो जाफर नावाचा वजीर झाला, डिस्नेच्या ‘अलादिन’मधला जाफर पाहिलेल्यांना त्याची ओळख लगेच पटेल. युद्धामुळे या चित्रपटाचं काम अमेरिकेत पुरं करावं लागलं आणि फाइटही तिकडचाच झाला. कमाईतला मोठा वाटा तो ब्रिटनच्या युद्धनिधीला देत राहिला.

अमेरिकेत त्याच्या वाट्याला काय आलं, तर नाझी अधिकारी. उंच बांधा, कोरीव चेहरा आणि ते इंग्रजी. निर्मात्यांना आणखी काय हवं? त्याने नकार दिला नाही. नाझी रंगवायचा तर तो खलनायकच असला पाहिजे, एवढा त्याचा आग्रह होता. ‘कॅसाब्लांका’तला मेजर श्ट्रासर या बोलीवरच उभा आहे. तो आरडाओरडा करत नाही. सभ्यपणे खुर्चीत बसतो, गोड बोलतो, आणि त्या गोडव्यामागची धमकी समोरच्यालाच नव्हे, प्रेक्षकालाही कळते. छळाला कंटाळून पळालेले कितीतरी कलावंत त्या चित्रपटात निर्वासित, वेटर, सैनिक म्हणून वावरत होते. त्यांना धमकावणारा मेजरही त्यांच्यातलाच एक.

चित्रपट अमेरिकेत सर्वत्र झळकून तीन महिनेही झाले नव्हते, तोच ३ एप्रिल १९४३ रोजी लॉस एंजेलिसमध्ये गोल्फ खेळताना हृदयविकाराच्या झटक्याने फाइट गेला. वय पन्नास. १९५२ साली ‘कॅसाब्लांका’ पश्चिम जर्मनीत दाखवला गेला तेव्हा वितरकांनी त्यातली सुमारे पंचवीस मिनिटं कापून टाकली. नाझींचा उल्लेख नको म्हणून मेजर श्ट्रासर सगळाच्या सगळा गळाला आणि क्रांतिकारक व्हिक्टर लाझलोचा नॉर्वेचा शास्त्रज्ञ करण्यात आला. जर्मन प्रेक्षकांना फाइट आपल्या सर्वांत गाजलेल्या चित्रपटात पाहायला मिळाला तो १९७५मध्ये, दूरदर्शनच्या पडद्यावर, नव्या डबिंगसह.