वल्मीकातील च्यवन

सुरतेच्या खाली समुद्राला मिळणारी तापी आणि उत्तरेस भरूचपाशी सागराला भेटणारी नर्मदा, या दोन नद्यांच्या मुलखाशी भार्गव कुळाचे नाते परंपरेने सांगितले जाते. भरूचचे जुने नावच भृगुकच्छ. भृगू आणि पुलोमा यांचा पुत्र जो च्यवन, त्याची कथा महाभारताच्या वनपर्वात लोमश ऋषी युधिष्ठिराला सांगतात, तीही पांडव पयोष्णीवरून वैदूर्य पर्वताकडे व नर्मदेकडे आले असताना. पयोष्णी म्हणजे तापीच, की तिला मिळणारी वऱ्हाडातील पूर्णा, याविषयी पंडितांत एकमत नाही. परंतु कथेचा भूगोल याच बाजूचा आहे.

कथा सर्वपरिचित आहे. सरोवराकाठी च्यवन इतका काळ निश्चल उभा राहिला की त्याचेच वारूळ झाले, त्यावर वेली चढल्या. शर्याती राजा परिवारासह तेथे आला. त्याच्या कन्येला, सुकन्येला, वारुळात दोन चमकणारे बिंदू दिसले. भागवत त्यांना काजव्यांची उपमा देते. तिने कुतूहलाने काट्याने ते टोचले. ते ऋषीचे डोळे होते. पुढे सैन्याचा मलमूत्रावरोध, राजाची क्षमायाचना आणि सुकन्येचे वृद्धाशी लग्न.

या कथेत वारूळ हे केवळ विसर पडलेल्या देहावरील मातीचे आवरण आहे, असे आपण सहसा धरून चालतो. महाभारतकारानेही त्यावर मुंग्याच पसरविल्या आहेत. परंतु वारूळ मुंग्यांचे नव्हे, वाळवीचे. सुरतेकडे तिला उधई म्हणतात. मुंग्या आणि साप हे मागाहून आलेले भाडेकरू. ‘आयत्या बिळावर नागोबा’ ही आपली म्हण या बाबतीत अगदी शास्त्रशुद्ध आहे.

आपल्याकडील मोठी वारुळे बांधणारी वाळवी बहुधा ओडोंटोटर्मिस या प्रजातीची असते. ती मातीचे कण लाळेने भिजवून भिंत रचते. पण घराचा गाभा मातीचा नसतो. वाळलेले गवत व लाकूड खाऊन त्याचे अर्धवट पचलेले कण ती स्पंजासारख्या पोळ्यात रचते आणि त्यावर टर्मिटोमायसीस नावाची बुरशी वाढविते. लाकडातील जो कठीण भाग वाळवीला पचत नाही तो ही बुरशी फोडते, आणि मुरलेले पोळे मग वाळवी खाते. एका टोकाला पोळे खाल्ले जाते, दुसऱ्या टोकाला नवे रचले जाते. यजमान कोण आणि पाहुणा कोण, हे सांगणे कठीण. बुरशीवाचून वाळवी जगत नाही आणि वारुळाबाहेर ही बुरशी टिकत नाही. तंजावरच्या बाजूस वास्तव्य केलेल्या योहान गेरहार्ड कोनिग याने या पोळ्यांचे वर्णन 1779 मध्येच प्रसिद्ध केले होते. वारूळ श्वासही घेते. 2015 मध्ये प्रसिद्ध झालेल्या, भारतातील वारुळांवरच्या एका अभ्यासात असे दिसले की दिवसा बाहेरच्या कडा लवकर तापतात, रात्री लवकर निवतात, आणि त्यामुळे आतील हवा दिवसरात्र उलटसुलट फिरत राहते. पावसाळ्यात याच पोळ्यांतून अळंबी जमिनीवर येते. गोव्यात तिला रोयण अळमी म्हणतात, आणि रोयण म्हणजे वारूळच.

प्राचीनांना बुरशी ठाऊक होती असा दावा मी करणार नाही. पण वारुळाच्या आत ओल आणि जीवन आहे हे त्यांनी हेरले होते. अथर्ववेदात उपजीका औषध वर आणतात. शतपथ ब्राह्मणात देव वाळवीला वर देतात तो असा की तिला मरुभूमीतही पाणी सापडावे. वराहमिहिराच्या बृहत्संहितेतील दकार्गल प्रकरणात भूजलाच्या खुणांमध्ये वारूळ वारंवार येते. जो ऋषी पुढे पुन्हा तरुण होणार, आणि चरकसंहितेत ज्याच्या नावाने रसायन सांगितले जाणार, त्याला राहण्यासाठी कथाकाराने हेच घर निवडावे, हे मला योगायोगाचे वाटत नाही.

मात्र हे घर कथेत मागाहून आले आहे. ऋग्वेदात अश्विनीकुमार च्यवनाची जीर्ण त्वचा वस्त्रासारखी उतरवितात; तेथे वारूळ नाही. शतपथातही नाही. तेथे म्हातारा, टाकून दिलेला च्यवन उघड्यावर पडलेला आहे आणि शर्यातकुळातील पोरे त्याला ढेकळांनी मारतात. अपराध पोरांचा, भरपाई म्हणून दिली जाते ती सुकन्या. तिचा काहीच दोष नाही आणि ब्राह्मणग्रंथाने तो तिच्यावर लादलेलाही नाही. महाकाव्याने ऋषीला वारुळात लपविले आणि काटा तिच्या हाती दिला. आत माणूस आहे हे तिला कळणे शक्य नव्हते, तरीही आता लग्न हे तिच्याच कृत्याचे प्रायश्चित्त ठरते. बापाचा व्यवहार झाकायला मातीचे एवढे आवरण पुरले. वाल्या कोळ्याच्या कथेत वारूळ पाप्याला शुद्ध करते. येथे ते निरपराध मुलीला अपराधी करते.

तिचा स्वभाव मात्र दोन्ही पाठांत तोच राहिला आहे. अश्विनीकुमार तिला मोह घालतात, तेव्हा शतपथातील सुकन्या सांगते की पित्याने ज्याला दिले त्याला तो जिवंत असेतो मी सोडणार नाही. महाभारतात सरोवरातून तिघे तरुण एकाच रूपाचे बाहेर येतात. ती घाई करीत नाही. तिघांकडे नीट पाहते, मनाशी निश्चय करते आणि त्यांतून च्यवनालाच निवडते. कथेला येथून पुढे वारुळाचे काम उरत नाही.