बर्फाखालचे पान

दिवाळीची आवराआवर निघाली की आमच्या घरी एका दगडावरून हटकून वाद होतो. "अहो, यंदा तरी हा धोंडा टाकायचा का?" असे म्हणत सौभाग्यवती तो केराच्या टोपलीपर्यंत नेतात, आणि मी तो परत आणून टेबलावर ठेवतो. दगड तळहाताएवढा, तपकिरी रंगाचा. मी चौथीत पहिला आलो तेव्हा नागपूरच्या मामांनी तो कामठीच्या बाजूहून आणून मला बक्षीस दिला. मामेभावाला फाउंटन पेन आणि मला धोंडा! मी त्या दिवशी चक्क रडलो होतो.

पण त्या दगडावर एका पानाचा ठसा आहे. जिभेसारखा लांबट आकार, मधोमध ठसठशीत शीर, दोन्ही अंगांना जाळीसारख्या बारीक शिरा. मला ते आंब्याचे पान वाटे. मामा म्हणाले, "अरे, हे पान उगवले तेव्हा आंबाच काय, जगात एक फूलसुद्धा नव्हते!"

त्या झाडाचे नाव ग्लॉसॉप्टेरिस. ग्रीक भाषेत 'ग्लॉसा' म्हणजे जीभ. पंचवीस-तीस कोटी वर्षांपूर्वी त्याची राने आपल्याकडे माजली होती. आपला बराचसा दगडी कोळसा त्याच काळातल्या रानांचा. एवढे पुस्तकात वाचले होते. पण याच पानापायी दक्षिण ध्रुवाच्या वाटेवर काय घडले, ते पुष्कळ वर्षांनी कळले, आणि तेव्हापासून या धोंड्याकडे पाहण्याची माझी दृष्टीच पालटली.

१९१२ सालच्या जानेवारीत कॅप्टन स्कॉट आणि त्याचे चार सोबती दक्षिण ध्रुवावर पोचले, तो नॉर्वेचा अॅमुंडसेन महिनाभर आधीच तेथे झेंडा रोवून गेलेला. हिरमुसली माणसे परत फिरली. अन्न तोकडे, एकाची प्रकृती ढासळत चाललेली. अशा स्थितीत ८ फेब्रुवारीला, बिअर्डमोर हिमनदीच्या काठी, ती चक्क दगड गोळा करीत बसली! डॉक्टर विल्सनला खडकात कोळशाचे थर आणि पानांचे ठसे दिसले होते. ३५ पौंड, म्हणजे सुमारे १६ किलो दगड त्यांनी गाडीवर चढवले. ती गाडी कुत्री ओढत नव्हती, घोडे नव्हते. ही माणसेच ओढत होती.

पाचांपैकी एकही परतला नाही. नोव्हेंबरात शोधपथकाला तंबूत तीन देह मिळाले. पुढच्या अन्नसाठ्यापासून तो तंबू अवघा ११ मैल दूर होता. आणि जवळच, बर्फात रुतलेल्या गाडीवर, ते दगड जसेच्या तसे होते. ते टाकून दिले असते तर माणसे वाचली असती का, यावर अजून लोक वाद घालतात. मी त्यात पडत नाही. केंब्रिजच्या सीवर्डने १९१४ साली ते दगड तपासले. ठसा ग्लॉसॉप्टेरिसचा निघाला. माझ्या टेबलावरचे पान, तेच!

ध्रुवाकडे सहा महिन्यांची रात्र. तेथे झाडे जगली कशी? पानांच्या ठशांचे थर आणि दगड झालेल्या खोडांतली वर्तुळे पाहून शास्त्रज्ञ म्हणतात की बरीच झाडे हिवाळ्याआधी पाने गाळून स्वस्थ राहत आणि उन्हाळ्याच्या अखंड उजेडात भराभर वाढत. त्या काळी अंटार्क्टिका आणि आपला देश एकाच अखंड भूखंडाचे भाग होते. त्या भूखंडाला नावही आपल्याच गोंडवनावरून मिळाले आहे.

पुढची हकिगत याहून नवलाची. २०१७ साली 'पोलारस्टर्न' नावाच्या जर्मन जहाजाने पश्चिम अंटार्क्टिकाजवळ समुद्राच्या तळाला भोक पाडले, तर नऊ कोटी वर्षांपूर्वीच्या मातीत मुळांचे गुंतलेले जाळे हाती आले! तेव्हा तेथे बर्फ नव्हता. ओले, दाट रान होते. वर्षाचे सरासरी तापमान सुमारे १२ अंश, म्हणजे आपल्या श्रीनगरहून थोडेसेच कमी. मग हवेतला कर्बवायू घटत गेला, खंड सुटे झाले, आणि सुमारे साडेतीन कोटी वर्षांपूर्वी बर्फाने ठाण मांडले.

आज त्या अफाट खंडावर फुलणाऱ्या देशी वनस्पती किती? दोन! एक केसासारख्या बारीक पात्यांचे गवत, दुसरी उशीसारखी गोल वाढणारी बुटकी वनस्पती. बाकी राज्य दगडफुलांचे (आपल्या गोड्या मसाल्यातल्या दगडफुलाचे हे भाईबंद) आणि पावसाळ्यात आपल्या भिंतींवर चढते तसल्या हिरव्या मॉसचे. हे मॉस भारी चिवट. सिग्नी बेटावर दीड हजार वर्षांहून अधिक काळ गोठून पडलेले मॉस प्रयोगशाळेत उबेला ठेवले, तर काही आठवड्यांत त्याला कोंब फुटले. ही गोष्ट २०१४ सालची. आपल्या 'भारती' तळाजवळ २०१७ साली मॉसची एक नवी जात सापडली. तिला नावही भारतीचेच दिले.

आता मात्र तेथली हवा तापते आहे. उत्तरेकडे निमुळत्या झालेल्या द्वीपकल्पावर १९८६ साली एक चौरस किलोमीटरही हिरवळ नव्हती. २०२१ साली ती बारांच्या घरात गेली. हिरवळ म्हटली की आपल्याला आनंद होतो. तेथल्या शास्त्रज्ञांना होत नाही. माणसांच्या बुटांना, सामानाला चिकटून परके बी येते. किंग जॉर्ज बेटावर आपल्या बागांत उगवते तसले साधे गवत असेच येऊन रुजले आणि ते उपटता उपटता पुरेवाट झाली. म्हणून हल्ली तेथे उतरणाऱ्यांना बूट घासून धुवावे लागतात, खिसेसुद्धा झाडून दाखवावे लागतात.

हे सारे मी सौभाग्यवतींना सांगितले. त्यांनी दगड पदराने पुसला, उलटसुलट करून पाहिला आणि म्हणाल्या, "सोळा किलो? आणि तेही स्वतः ओढत?"

यंदा टेबल त्यांनीच लावले.