अख्ख्या गावाने एकाच दिवशी बेट का सोडलं?

29 ऑगस्ट 1930. स्कॉटलंडच्या पश्चिमेला, भर अटलांटिक महासागरातल्या सेंट किल्डा बेटावरचे शेवटचे 36 रहिवासी जहाजात चढले आणि गाव कायमचं रिकामं झालं.

इथली शेती जेमतेम. त्यामुळे लोक दोर लावून कड्यांवर उतरायचे, समुद्रपक्षी पकडायचे, अंडी गोळा करायचे. तेच त्यांचं मुख्य अन्न. पण तरुण बाहेर गेले, कामाला हात कमी पडले, आजारपणात डॉक्टर मिळेना. शेवटी गावकऱ्यांनीच सरकारला अर्ज केला, की आम्हाला इथून हलवा.

विशेष म्हणजे, माणसं गेल्यावर काही वर्षांतच तिथला घरउंदीरही नामशेष झाला. तो माणसांच्या घरांवरच जगत होता. रानउंदीर मात्र टिकला. आज बेटांवर लाखो समुद्रपक्षी आहेत, गावकरी एकही नाही.